खर्जातला सोबती

जलशात आपण गवयाकडे पाहतो. खालचा खर्ज कोण सांभाळतो, हे विचारीत नाही. अमेरिकेतील फिल लेश या वादकाने ते विचारावयास लावले. १९४० साली बर्कले येथे जन्मलेला हा मनुष्य आधी व्हायोलिन, मग ट्रम्पेट शिकला. लुचानो बेरिओ या इटालियन रचनाकाराच्या वर्गात बसला. १९६५ साली जेरी गार्सियाने त्यास आपल्या वाद्यवृंदात बेस गिटार वाजविण्यास बोलाविले, तेव्हा ते वाद्य त्यास येतच नव्हते! हाच वृंद पुढे 'ग्रेटफुल डेड' झाला. नुसता ठेका धरून न बसता लेशने बाखच्या रीतीने खालून दुसरी स्वतंत्र चाल गुंफली.

१९९५ मध्ये गार्सिया गेला, वृंद मोडला. १९९८ साली लेशचे यकृत निकामी झाले, तेव्हा एका दिवंगत दात्याच्या यकृताने तो वाचला. पुढे जलशा-जलशांतून तो श्रोत्यांना अवयवदानाची विनवणी करी. २०२४ साली तो वारला. इतरांच्या सुरांना आधार देणारा हा माणूस जवळजवळ २६ वर्षे दुसऱ्याच्या आधारावर जगला. आपल्यामागे आपले काय कोणाच्या उपयोगी पडेल, हा प्रश्न आपणही आज घरी नेऊ या.