विजयदुर्गाचे कट्टे आणि हेलिअम

विजयदुर्गाच्या किल्ल्यांत ‘साहेबाचे कट्टे’ दाखवितात. सर नॉर्मन लॉकयर यांनीं १८६८ सालीं तेथेंच दुर्बीण मांडून हेलिअम शोधला, ही कथा कोंकणांत आवडीनें सांगितली जाते. कथा गोड, म्हणून सहसा कोणाला मोडवत नाहीं. परंतु ती खरी नव्हे. १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास ग्रहणाच्या वेळीं लॉकयर इंग्लंडांतच होते. सूर्यावरील ज्वालांचा वर्णपट त्या दिवशीं गुंटूरला जान्सेन यांनीं, आणि पटवर्धनांच्या जमखंडी संस्थानांत लेफ्टनंट हर्शेल यांनीं तपासला. २० ऑक्टोबरला लॉकयर यांनीं ग्रहणावांचूनच तो पाहिला. त्यांतील एक पिवळी रेषा सोडियमच्या रेषांशीं जुळेना. तेव्हां तें अनोळखी मूलद्रव्य मानून सूर्याच्या ग्रीक नांवावरून त्यास ‘हेलिअम’ म्हटलें गेलें. हवेहून सातपट हलका आणि कोणाशींहि सहसा संयोग न पावणारा हा वायु पृथ्वीवर हातीं येण्यास १८९५ साल उजाडावें लागलें. रॅम्झे यांना तो युरेनियमयुक्त खनिजांत सांपडला. लॉकयर विजयदुर्गास आले ते त्यानंतर, २२ जानेवारी १८९८ च्या ग्रहणासाठीं. ‘मेल्पोमिनी’ या युद्धनौकेवरील अधिकारी व खलाशी तेव्हां त्यांच्या मदतीस होते.