एक मिनिट बाळाच्या श्वासासाठी

आम्ही उपकेंद्राच्या सिस्टर आणि आशाताई. आज ज्या तपासणीबद्दल बोलणार आहोत, तिला ना सुई लागते ना पैसा. लागतं ते एक घड्याळ आणि एक मिनिट.

दवाखान्यात सिस्टर काय काय बघते, ते तुम्हाला ठाऊक आहे. काखेत थर्मामीटर, मनगटावर नाडी, दंडाला बीपीचा पट्टा. याशिवाय आम्ही श्वासही मोजतो, पण तुमच्या लक्षात येत नाही. नाडी धरल्याधरल्याच आम्ही गुपचूप छातीकडे बघतो. श्वास मोजतायत हे कळलं, की माणूस वेगळाच श्वास घ्यायला लागतो! मोठ्या माणसाचा श्वास मिनिटाला साधारण १२ ते २० वेळा होतो. लहान बाळाचा त्याहून जास्त. पण किती जास्त झाला की धोका, हे घराघरात माहीत हवं.

आमचीच एक चूक सांगतो. मागच्या पावसाळ्यात एका घरी सात महिन्यांचं लेकरू खोकत होतं. आम्ही थर्मामीटर लावला, ताप अगदी थोडा होता. "काळजी करू नका," असं म्हणून निघून आलो. श्वास मोजला नाही. दोन दिवसांनी पुन्हा गेलो, तेव्हा बाळ झोळीत झोपलेलं. आजी म्हणाल्या, "ताप उतरलाय गं ताई, लेकरू निवांत झोपलंय, कशाला उठवता?" आम्ही म्हटलं, "उठवत नाही आजी, नुसतं बघतो." अंगडं वर केलं आणि मोजलं. ५८. पुन्हा मोजलं. ५७. ताप उतरला होता, पण श्वास पळत होता. तसंच दवाखान्यात नेलं. न्यूमोनिया निघाला. ऑक्सिजन लावावा लागला. आठवड्याने बाळ हसत घरी आलं, पण ते दोन दिवस आमच्या मनातून जात नाहीत. तेव्हापासून खोकणारं बाळ दिसलं, की आम्ही आधी श्वास मोजतो.

आता आकडे नीट ऐका. जमलं तर लिहून घ्या.

दोन महिन्यांपेक्षा लहान बाळ: मिनिटाला ६० किंवा जास्त श्वास म्हणजे धोका.
दोन महिने ते एक वर्ष: ५० किंवा जास्त.
एक ते पाच वर्षं: ४० किंवा जास्त.

मोजायचं कसं? बाळ शांत हवं. रडताना किंवा दूध पिताना मोजू नका. अंगडं वर करा, उजेडात छाती-पोट दिसू द्या. पोट एकदा वर येऊन खाली गेलं, की एक श्वास. मोबाईलवर किंवा घड्याळावर पूर्ण एक मिनिट मोजा. अर्धा मिनिट मोजून दुप्पट करू नका, कारण तान्ह्या बाळाचा श्वास कधी भरभर, कधी सावकाश चालतो. आकडा जास्त आला, तर पुन्हा एकदा मोजा. दुसऱ्यांदाही जास्तच आला, तर वाट बघू नका.

"आम्हाला साठपर्यंत मोजता येत नाही," असं कुणी म्हणेल. गडचिरोलीत डॉ. राणी आणि डॉ. अभय बंग यांच्या 'सर्च' संस्थेने अशाच निरक्षर दायांसाठी मण्यांचं श्वासमापक बनवलं. सोबत एका मिनिटाचं वाळूचं घड्याळ. दर दहा श्वासांना एक मणी सरकवायचा. वाळू संपायच्या आत लाल मणी सरकला, तर बाळाला न्यूमोनिया असू शकतो. दायांना ते जमलं. मग आपल्याला का नाही जमणार? दहा श्वास झाले, की एक शेंगदाणा बाजूला ठेवा. झालं!

काही खुणांना तर मोजायचीही गरज नाही. श्वास घेताना छातीचा खालचा भाग आत ओढला जातोय, बाळ कण्हतंय, अंगावर ओढत नाही, ओठ निळसर झालेत, झटका आला, किंवा उठवूनही उठत नाही. तेव्हा १०८ला फोन लावा आणि निघा. दोन महिन्यांच्या आतलं बाळ गरम लागो की गार, दवाखाना गाठायचाच. वाटेत ते आईच्या छातीशी उबेत ठेवा, पीत असेल तर दूध पाजत राहा.

पोटावर चटके देऊ नका, मैत्रिणींनो. त्याने न्यूमोनिया बरा होत नाही. बाळाला जखम होते आणि मोलाचा वेळ जातो. मागच्या वेळच्या औषधाची उरलेली बाटलीही काढू नका.

दवाखान्यात बाळंतपण झालं, की आशाताई ३, ७, १४, २१, २८ आणि ४२ व्या दिवशी घरी येते. तिला हक्काने सांगा, "ताई, बाळाचा श्वास मोज, आणि मलाही शिकव."

गटाच्या पुढच्या बैठकीत हप्ते गोळा झाले, की एखादं झोपलेलं लेकरू मध्ये घ्या आणि सगळ्याजणी मिळून मोजा. सगळ्यांचा आकडा जवळपास सारखा येईपर्यंत मोजा. सासूबाईंना शिकवा, घरातल्या पुरुषांनाही शिकवा. रात्री गाडी काढायची वेळ आली, की "बाळाला बरं वाटत नाही" एवढ्यावर लोक सकाळपर्यंत थांबा म्हणतात. "मिनिटाला साठ श्वास आहेत," म्हटलं, की कुणी थांबत नाही.

आमचं बोलणं संपलं. आता तुमच्या घरातलं घड्याळ कामाला लावा.