छप्पर मिळाले, घर केव्हा होते?
(वर्धापनदिनी केलेले भाषण)



मी सातवीपर्यंत शिकलेली, घरसंसार सांभाळणारी बाई. मोठे भाषण मला येत नाही. पण आपण मुलुंडच्या बायका; आपल्या शेजारच्या मुलुंड कॉलनीची गोष्ट आज सांगावीशी वाटते.

१९४७ साली फाळणी झाली आणि सिंधमधून हजारो कुटुंबे नेसत्या वस्त्रांनिशी मुंबईस आली. सरकारने त्यांची सोय मुलुंड, चेंबूर, कल्याण येथील छावण्यांत केली. कल्याणच्या छावणीतल्या बराकी महायुद्धात लष्करासाठी बांधलेल्या. त्यांत गोणपाटाचे पडदे लावून एकेका कुटुंबाने चूल मांडली. त्याच छावणीचे ८ ऑगस्ट १९४९ रोजी उल्हासनगर झाले.

सरकारने आधी शिधा दिला. दिल्लीत पुनर्वसनाचे खाते निघाले. निराधार स्त्रियांसाठी त्यात वेगळा विभाग होता; त्याचे काम रामेश्वरी नेहरू पाहत. पुढे १९५४ च्या कायद्याने मागे राहिलेल्या घरादाराची भरपाई ठरली. ती रक्कम सरकारी खोलीच्या किमतीत वळती करता येई. हे सारे खरेच मोठे काम झाले.

पण बहिणींनो, भरपाई मिळायची ती मालकीचे घर किंवा जमीन असलेल्यांना. जी बाई तिकडे भाड्याने राहत होती, तिने कसला दावा करावा? जिचे कागद घाईत मागेच राहिले, तिने काय दाखवावे? अशा कितीतरी जणींनी पापड लाटून, शिवणकाम करून मुले शिकवली. आणि आपल्याकडचे लोक मात्र त्यांना ‘निर्वासित’ म्हणून हिणवीत.

आजही रस्त्याच्या, नाल्याच्या कामात घर गेलेली कुटुंबे उपनगरांतल्या इमारतींत राहायला येतात. ‘आता आपले पाणी कमी पडणार’ असे आपल्यातच बोलले जाते. पाण्याची काळजी खोटी नाही. त्यासाठी महापालिकेकडे एकजुटीने अर्ज करू. पण राग त्या बाईवर का? तिने काही हौसेने घर मोडलेले नाही.

माझी एवढीच सूचना आहे. मंडळाने महिन्यातून एक दुपार राखावी. नव्या शेजारणींचे रेशनकार्ड, मुलांचा शाळाप्रवेश, खोलीच्या कागदावर नवऱ्याबरोबर तिचेही नाव, हे अर्ज आपण बसून भरून द्यावेत. छप्पर सरकार देते. शेजार आपणच द्यायचा असतो.