वि. स. पागे : कष्टकऱ्यांच्या हक्काचे शिल्पकार



लोकप्रतिनिधीची थोरवी त्याने किती वर्षे पद भूषविले यावर ठरत नाही. पद सोडल्यानंतर त्याच्या कार्यातील काय उरले, यावर ती ठरते. या कसोटीवर पूर्णपणे उतरणारे नाव म्हणजे विठ्ठल सखाराम पागे.

1910 साली जन्मलेले पागे पेशाने वकील, वृत्तीने संतसाहित्यात रमणारे आणि कर्माने स्वातंत्र्यसैनिक होते. सांगली जिल्ह्याच्या तासगाव तालुक्यातील विसापूर ही त्यांची कर्मभूमी. 1960 साली महाराष्ट्र राज्य अस्तित्वात आले आणि त्याच वर्षी ते विधान परिषदेचे सभापती झाले. 1978 पर्यंत, म्हणजे सलग 18 वर्षे, त्यांनी ते आसन सांभाळले. सभापतीच्या हाती ना खाते असते, ना तिजोरी. तरीही महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांवर खोल ठसा उमटविणारी योजना त्यांच्याच चिंतनातून साकारली.

कोरडवाहू शेतकरी व शेतमजूर वर्षातील कित्येक महिने रिकामा असतो. त्याला भीक नको, काम हवे, हे पागे यांनी जवळून पाहिले होते. काम मागणाऱ्या धडधाकट माणसाला काम देणे हे शासनाचे कर्तव्य आहे, ही भूमिका त्यांनी मुख्यमंत्री वसंतराव नाईक यांच्यापुढे मांडली. 1969 साली विसापूर परिसरात तिचा प्रयोग झाला. पुढे 1972 चा भीषण दुष्काळ आला. 1973 च्या उन्हाळ्यात राज्यभरातील दुष्काळी कामांवर 45 लाखांहून अधिक माणसे होती. माणसे जगली, पण पुष्कळ ठिकाणी नुसती खडी फोडली गेली. पागे यांचा आग्रह निराळा होता. घामातून बांधबंदिस्ती, पाझर तलाव, जमिनीची सुधारणा अशी कायमची संपत्ती उभी राहावी, असे ते म्हणत.

मग प्रश्न उभा राहिला पैशाचा. येथे व्यापारी बांधवांनी विशेष लक्ष द्यावे. 1975 साली व्यवसाय कर सुरू झाला, तो या योजनेसाठी. दुकानदार, नोकरदार, डॉक्टर, वकील यांच्याकडून जेवढी रक्कम जमा होईल, तेवढीच भर राज्य शासनाने घालावयाची, अशी तरतूद होती. राज्यघटनेनुसार त्या वेळी या कराची कमाल मर्यादा वर्षाला 250 रुपये होती. 1988 साली ती 2500 रुपये झाली. चलन भरताना अनेकांच्या कपाळावर आठी पडत असे. परंतु त्या चलनातील रुपया पेठेतून निघून एखाद्या माळरानावर मजुराची भाकरी होत असे, हे फार थोड्यांना ठाऊक होते. शिवाय त्याच मजुराच्या हातात पैसा आला की तो आठवडी बाजारात येई, धान्य घेई, मुलांना कापड घेई. जमाखर्चाच्या वहीत दोन्ही बाजू असतात, याचे यापेक्षा चांगले उदाहरण मिळणे कठीण.

रोजगार हमीचा कायदा 1977 साली संमत झाला व 26 जानेवारी 1979 पासून अमलात आला. मागणी केल्यापासून 15 दिवसांत काम, न दिल्यास बेकारी भत्ता, स्त्री-पुरुषांना समान मजुरी आणि कामाच्या जागी पिण्याच्या पाण्याची सोय, या गोष्टी उपकाराच्या न राहता हक्काच्या झाल्या.

योजनेत दोष शिरले नाहीत असे नाही. खोटी हजेरीपत्रके निघाली, काही कामे कागदावरच राहिली. पण वहीत खोट निघाली म्हणून कोणी सचोटीचा व्यापार बंद करीत नाही. हिशेब अधिक काटेकोर करतो. 1990 साली पागे यांचे निधन झाले. त्यानंतर 15 वर्षांनी, 2005 साली, संसदेने संपूर्ण देशातील ग्रामीण कुटुंबांसाठी वर्षाला 100 दिवसांच्या रोजगाराच्या हमीचा कायदा केला. विसापूरच्या प्रयोगाचा तो राष्ट्रीय विस्तारच होता.

दानाने भुकेलेल्याचे पोट भरते. हक्काच्या कामाने त्याची मानही ताठ राहते. संस्थांनी व दात्यांनी मदतीचा हात पुढे करताना हा भेद ध्यानी ठेवावा. पागे यांच्या स्मृतीला तीच खरी आदरांजली ठरेल.