परक्या पैशाचा राखणदार

नजीब अल-रिहानी (१८८९–१९४९) या इजिप्ती नटाला विनोदाचा बादशहा म्हटलं की त्याच्याविषयी सगळं बोलून झालं, असं मानलं जातं. मला ते मान्य नाही. त्याच्या विनोदाचा खरा विषय पैसा आहे. त्यातही ज्याच्या हातून पैसा जातो पण ज्याचा तो कधीच नसतो, अशा माणसाची अब्रू. रंगभूमीवर स्थिरावण्याआधी त्याने कृषी बँकेत आणि साखर कंपनीत नोकरी केली होती, ही गोष्ट मला म्हणूनच महत्त्वाची वाटते. पहिल्या महायुद्धाच्या काळात कैरोत त्याने किशकिश बे उभा केला: कापूस विकून शहरात यायचं आणि बायकांपायी खिसा रिकामा करून जायचं, असा गावचा पाटील. तिथे प्रेक्षक उधळ्याला हसत होता. पुढे हसू जागा बदलतं.

‘सलामा फी खैर’ (१९३७, दिग्दर्शक नियाझी मुस्तफा) हा रिहानीचा चित्रपट पाहा. सलामा कापडाच्या पेढीवरचा शिपाई. मालकाची रोकड बँकेत भरायला निघतो, पोचेपर्यंत बँक बंद. आता ती रक्कम रात्रभर ठेवायची कुठे? घरी नेण्याची भीती, म्हणून तो मोठ्या हॉटेलच्या तिजोरीचा आसरा घेतो, आणि तिथे त्याला राजपुत्र समजतात. खरा राजपुत्रच त्याला हे सोंग पुढे चालवायला सांगतो. इकडे शिपाई पैसे घेऊन पळाला, असा संशय. सगळे त्याच्यापुढे वाकतात आणि त्याचा जीव मात्र परक्या पैशांत अडकलेला! याला मी गैरसमजाचा फार्स म्हणायला तयार नाही. प्रामाणिक माणसाला गरिबीमुळे सतत निर्दोषपणा सिद्ध करावा लागतो, त्याची ही गोष्ट आहे.

आक्षेप ठाऊक आहे: रिहानीची बरीच नाटकं फ्रेंचवरून घेतलेली. खरं आहे. १९३१चं ‘अल-गिनेह अल-मसरी’, म्हणजे इजिप्ती पाउंड, मार्सेल पान्योलच्या ‘तोपाझ’वरून आलं. पण कापसाचे भाव कोसळलेल्या देशात, भ्रष्टाचाराने गिळलेल्या प्रामाणिक मास्तराचं नाटक पाउंडाच्या नावाने करणं, ही निवड त्याची स्वतःची होती. प्रेक्षकांना ते पचलं नाही. त्यांना जुना किशकिशच हवा होता.

दुसरा आक्षेप जड आहे: रिहानीचा हा माणूस बंड का करत नाही? उत्तरासाठी ‘गझल अल-बनात’ या चित्रपटाकडे येतो. नोकरी गेलेला अरबीचा मास्तर हमाम एका पाशाच्या मुलीला शिकवायला येतो, आणि त्या वाड्यात कुत्रा सांभाळणाऱ्याचा पगार त्याच्यापेक्षा जास्त निघतो. मुलीवर जीव जडतो. गायक अब्दुल वहाब गात असताना, ती आपली होणार नाही हे त्याला उमगतं आणि तो रडतो. शोकनाट्याचा सम्राट युसुफ वहबी तिथेच उभा आहे, पण अश्रू विनोदी नटाचे आहेत. पगाराची ती तफावत आणि हे रडणं एकाच चित्रपटात शेजारी ठेवणाऱ्याला व्यवस्थेपुढे झुकलेला म्हणणं अन्यायाचं आहे. जून १९४९मध्ये रिहानी गेला, चित्रपट त्यानंतर लागला. मात्र रिहानीच्या संवादांचं श्रेय देताना त्याचा लेखकमित्र बदीअ खैरी याला वगळू नये, एवढी विनंती.