वेळ खाणारं पीक

आज झाडपाल्यावर बोलायचं आहे, पण काढ्याची कृती सांगणार नाही.

काळाला वाकवणारी वनस्पती आपल्या गोष्टींमध्ये पूर्वीपासून आहे. लक्ष्मणासाठी हनुमान संजीवनी आणायला गेला तो सूर्य उगवायच्या आत परतायचं म्हणून, आणि ओळख पटेना म्हणून अख्खा डोंगरच उचलून घेऊन आला. च्यवन ऋषी म्हातारपणातून पुन्हा तरुण झाले. त्यांच्या नावाचा आवळ्याचा अवलेह आजही दुकानात मिळतो. लांब कशाला, आपल्या परळीचं वैजनाथाचं ठिकाण घ्या. समुद्रातून निघालेलं अमृत देवांनी इथल्या लिंगात लपवलं, असं आपल्याकडे पिढ्यान् पिढ्या सांगतात. म्हणजे कधी म्हातारं न होण्याचं औषध आपल्याच जिल्ह्यात!

या गोष्टींतली वनस्पती वय मागे नेते. आपल्या बायकांच्या वाट्याला आलेली वनस्पती वय पुढे ढकलते, आणि ती गोष्टीतली नाही. ती म्हणजे ऊस. तसं पाहिलं तर ते एक जातीचं गवतच.

उसाचं घड्याळ वेगळं असतं. आडसाली लागण जुलै-ऑगस्टात होते आणि तो सोळा-अठरा महिने रानात उभा राहतो. सुरू ऊस बारा महिन्यांत येतो, खोडवाही तेवढ्यातच. इतके दिवस त्याला कसलीच घाई नसते. पण एकदा बुडख्यावर कोयता पडला की घाईच घाई. तोडलेला ऊस चोवीस तासांत गाळपाला गेला नाही, तर वजन घटतं, साखर उतरते. कारखान्याला ताजा ऊस लागतो, म्हणून गाडी रात्री दोनला आली तरी भरावी लागते. म्हणून कोपीतली बाई पहाटे तीनला उठून भाकरी थापते, उजाडायच्या आधी फडात असते, दिवसभर मोळ्या बांधते आणि डोक्यावरून वाहून गाडीत चढवते. संध्याकाळी वाढे विकून, पाणी आणून, चूल पेटवून अंग टाकते तोवर पुन्हा गाडीचा हॉर्न. तिच्या झोपेची वेळ ऊस ठरवतो.

दिवसाचं जे, तेच वर्षाचं. दसरा-दिवाळीच्या सुमाराला टोळ्या निघतात, पश्चिम महाराष्ट्रात, कर्नाटकात. पट्टा पडला की मार्च-एप्रिलात परत. शाळेचं दुसरं सत्र उसात जातं. हंगामी वसतिगृह असेल किंवा घरी आजी असेल, तर लेकरू गावात राहतं; नाहीतर कोपीत, धाकट्याला सांभाळत.

आम्ही कार्यक्रमासाठी वाड्या-तांड्यांवर बसतो तेव्हा वय विचारलं की आकडा क्वचित येतो. "थोरल्याच्या वेळेला आम्ही कर्नाटकात होतो," "लग्न होऊन सात पट्टे झाले," अशी उत्तरं येतात. सात पट्टे म्हणजे सात वर्षं. पण गावात काढलेले महिने त्या हिशोबात कुठेच नसतात. आम्हाला हे फार लागतं.

मुलीचं वयही असंच पळतं. नवरा-बायको मिळून एक कोयता, आणि उचल कोयत्यावर मिळते. एकट्याचा अर्धा कोयता. मग हंगामाच्या आत लग्न उरका, म्हणजे कोयता पुरा होतो आणि पोरगी मागे एकटी ठेवायची काळजीही मिटते. 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत आपल्या जिल्ह्यातल्या 20 ते 24 वयाच्या शंभर बायकांपैकी त्रेचाळीस-चव्वेचाळीस जणींचं लग्न अठराच्या आत झालेलं होतं. गरिबीला नाव ठेवता येत नाही, हे आम्हाला कळतं. पण पंधराव्या वर्षी डोक्यावर मोळी आणि पोटात लेकरू, याला दुसरं काय म्हणायचं?

आता पिशवीची गोष्ट. यावर कुजबुज होते, उघड बोललं जात नाही. आज उघड बोलू. 2019 मध्ये राज्य सरकारनं डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. आपल्या जिल्ह्यातल्या 82,309 ऊसतोड बायकांची पाहणी झाली. त्यातल्या 13,861 जणींची गर्भपिशवी काढलेली होती. सहातली एक! देशभरात 15 ते 49 वयाच्या बायकांत हे प्रमाण शंभरात तीनच्या आसपास आहे. कारण तुम्हाला ठाऊकच आहे. फडात आडोसा नाही, पाणी नाही. पाळीत पोट दुखलं म्हणून घरी बसलं तर खाडा, आणि खाड्याचे पैसे उचलीतून कापले जातात. त्यात कोणीतरी सांगतं, पिशवीला सूज आहे, पुढे कॅन्सर होईल, काढून टाका. बाई म्हणते, दोन लेकरं झाली, कटकट गेलेली बरी.

कटकट जात नाही, बायांनो. पिशवीबरोबर अंडाशयंही काढली, तर पन्नाशीत यायचं ते तिशीत येतं, तेही एका दिवसात. अंगातून वाफा निघतात, झोप उडते, हाडं ठिसूळ होतात, कंबर धरते. आणि मोळी तेवढ्याच वजनाची राहते.

म्हणून एवढं लक्षात ठेवा. अंगावरून पांढरं जाणं बहुतेक वेळा गोळ्या-औषधांनी बरं होतं. नुसत्या भीतीपोटी पिशवी काढायची नसते. आधी तपासणी, सोनोग्राफी, आणि दुसऱ्या डॉक्टरचं मत. बीडचं जिल्हा रुग्णालय आहे, अंबाजोगाईला स्वामी रामानंद तीर्थ महाविद्यालयाचं रुग्णालय आहे, तिथे दाखवा. 2019 पासून आपल्या जिल्ह्यात खाजगी दवाखान्यालाही या ऑपरेशनसाठी जिल्हा शल्यचिकित्सकांची परवानगी घ्यावी लागते. "परवानगीचा कागद दाखवा" असं म्हणायला लाजू नका. अंडाशयं ठेवणार की काढणार, हेही विचारा, आणि उत्तर ऐकायला नवऱ्याला सोबत बसवा.

2024 च्या जानेवारीत तोडणीचा दर 34 टक्क्यांनी वाढला, चांगलं झालं. पण तो दर टनाचा आहे. रात्री दोनला भरलेल्या गाडीचा वेगळा दर नाही, आजारपणाच्या दिवसाला पगार नाही. पुढच्या करारात खाड्याचं आणि पाळीच्या दिवसांचं कलम असलं पाहिजे, असं आमचं मत आहे, आणि बोलणीला बसणाऱ्यांत कोयता धरलेल्या बायका असल्या पाहिजेत.

तोवर एक छोटं काम करू. यंदा टोळी निघायच्या आधी प्रत्येकीनं एक दोनशे पानी वही सोबत घ्यावी. लिहिता येत नसेल तर लेकराकडून लिहून घ्या. उठलो किती वाजता, गाडी आली किती वाजता, खाडे किती, पाळी कधी आली, दुखलं कुठे, पैसे किती कापले. पट्टा पडल्यावर गावी आलात की वही घेऊन आमच्याकडे या, आपण ती या माईकसमोर वाचू. नाव सांगायचं नसेल तर सांगू नका.