दुसरे घर मिळाले, तर पहिले जाते काय?



आम्ही वकील नाही. बँकेत कारकुनी करणारी माणसे आहोत. परंतु गृहकर्जाचा अर्ज भरताना चाळीत राहणारा माणूस एक प्रश्न हमखास विचारतो, "साहेब, फ्लॅट घेतला तर मालक जुनी खोली काढून घेईल का?"

हा प्रश्न साधा नाही. या भीतीपोटी कोणी घर घेण्याचेच टाळतो. कोणी ते मेव्हण्याच्या नावावर करतो आणि पुढे नात्यात वितुष्ट येते. कोणी मालकाच्या वकिलाची नुसती नोटीस आली तरी घाबरून खोली सोडून देतो. म्हणून कायदा नेमका काय म्हणतो, ते आपण समजून घेतले पाहिजे.

दुसऱ्या महायुद्धानंतर शहरांत जागांची भीषण टंचाई होती. त्या काळात मुंबई भाडे नियंत्रण कायदा, १९४७ झाला आणि तो १३ फेब्रुवारी १९४८ पासून अंमलात आला. भाडेकरूला मनमानीपणे बाहेर काढता येऊ नये, हा त्याचा हेतू. परंतु त्याच कायद्याच्या कलम १३ मध्ये एक पोटकलम होते. भाडेकरूने कायदा लागू झाल्यानंतर सुयोग्य निवासस्थान बांधले, त्याचा रिकामा ताबा मिळविला किंवा त्याला ते वाटपात मिळाले, तर मालकाला जुन्या जागेचा ताबा मागता येत असे. विचार सरळ होता. टंचाईच्या काळात एकाने दोन घरे अडवू नयेत.

मात्र 'सुयोग्य' या शब्दाला वजन होते. सात माणसांच्या कुटुंबाला एक खोली मिळाली, तर तिला सुयोग्य कसे म्हणावे? शिवाय ते घर भाडेकरूचे स्वतःचे असावे लागे. दिल्लीच्या भाडे कायद्यातही याच धर्तीचे कलम आहे. तेथील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८७ साली असा निर्णय दिला की, पत्नीला नोकरीमुळे मिळालेले सरकारी क्वार्टर म्हणजे भाडेकरू पतीला मिळालेले घर नव्हे. तेथे राहण्याचा कायदेशीर हक्क त्याला स्वतःला असला पाहिजे.

आता आजची स्थिती पाहू. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ हा ३१ मार्च २००० पासून लागू झाला आणि जुना कायदा संपला. तोपर्यंत दाखल झालेले दावे जुन्या कायद्यानेच चालले. नव्या कायद्याच्या कलम १६ मध्ये ताबा मागण्याची जी कारणे दिली आहेत, त्यांत 'भाडेकरूला दुसरे घर मिळाले' हे स्वतंत्र कारण ठेवलेले नाही. म्हणजे केवळ फ्लॅट घेतला, एवढ्यावरून खोली जात नाही. ही गोष्ट घरोघरी सांगण्यासारखी आहे.

परंतु बंधूंनो, येथेच थांबलो तर फसगत होईल. दुसरे घर तीन वाटांनी भाडेकरूच्या आड येऊ शकते.

पहिली वाट मालकाच्या गरजेची. मालकाला जागेची खरोखर व वाजवी गरज असेल, तर न्यायालय दोघांची अडचण तोलून पाहते. त्या वेळी मालकाला किंवा भाडेकरूला दुसरी सोयीची जागा आहे काय, हा प्रश्न विचारलाच जातो. दोघांची सोय होत असेल तर जागेच्या काही भागापुरताही हुकूमनामा होऊ शकतो.

दुसरी वाट बंद कुलपाची. दावा दाखल होण्यापूर्वी सलग सहा महिने जागा वाजवी कारणाशिवाय वापरली नसेल, तर तेवढ्यावर ताबा जाऊ शकतो. फ्लॅटमध्ये राहायला गेले आणि खोलीला कुलूप लावले, की ही वाट उघडी होते. विजेचे बिल शून्यावर येते, रेशनकार्ड आणि मतदारयादीतील पत्ता बदलतो, आणि हाच कागद पुढे न्यायालयात बोलतो. आजारपणामुळे आई मुलाकडे राहिली असेल, तर दवाखान्याचे कागद जपून ठेवा. ते वाजवी कारण दाखविता येते.

तिसरी वाट पोटभाडेकरूची. आपण नव्या घरी जायचे आणि जुनी खोली दुसऱ्याला भाड्याने द्यायची, हा मोह पुष्कळांना होतो. मालकाची परवानगी नसेल तर ताबा जाण्याचे हे सर्वांत सरळ कारण आहे.

आणखी दोन गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. सरकारच्या किंवा महापालिकेच्या मालकीच्या खोल्यांना हा कायदा लागू नाही. त्यांचे नियम निराळे. आणि लिव्ह अँड लायसन्सने घेतलेली जागा मुदत संपली की सोडावी लागते.

भाडेकरूचे निधन झाले, तर त्या वेळी त्याच्याबरोबर राहणाऱ्या कुटुंबीयाला भाडेकरूचा हक्क मिळतो. म्हणून जुन्या खोलीत राहणारी विधवा आई किंवा भाऊ यांची नावे कागदोपत्री असू द्यावीत. फ्लॅट मुलाने घेतला, म्हणून आईच्या डोक्यावरचे छप्पर जाता कामा नये.

आता थोडे कडू बोलतो. ज्याचे नव्या घरात उत्तम बस्तान बसले आहे, ज्याच्या घरचे कोणीच जुन्या खोलीत राहत नाही, त्याने केवळ पुनर्बांधणीत काहीतरी हाती लागेल म्हणून वर्षानुवर्षे खोली अडवून ठेवणे योग्य आहे काय? त्याच चाळीत दहा बाय बाराच्या खोलीत दोन कुटुंबे राहत असतात. कायदा राहत्या माणसाचा पाठीराखा आहे, कुलपाचा नाही. आणि हक्क सोडायचाच असेल तर रिकाम्या हाताने सोडण्याचे कारण नाही. कलम ५६ प्रमाणे भाडेहक्क सोडताना वा हस्तांतरित करताना मोबदला घेणे कायदेशीर आहे. तो व्यवहार मालकाला बरोबर घेऊन, लेखी करावा.

शेवटी एवढेच सांगू, की भाडेपावत्या फेकू नका. नोटीस आली तर घाबरू नका आणि दुर्लक्षही करू नका. कोऱ्या कागदावर सही करू नका. नोटीस घेऊन लगेच वकिलाकडे जा. ज्यांना फी परवडत नाही त्यांच्यासाठी विधी सेवा प्राधिकरणाची मोफत मदत आहे. स्त्रिया आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना ती उत्पन्नाची अट न लावता मिळते.

घर घ्या, अवश्य घ्या. भीतीने घेऊ नका आणि भीतीने सोडूही नका.